आडनावाला नैवेद्य

वसंतमामाला मी शेवटचं पाहिलं ते हॉस्पिटलात, तपासणीच्या खोलीबाहेरच्या लांबलचक बाकावर. छातीत दुखतंय म्हणून रवीनं, म्हणजे त्याच्या मुलानं, त्याला सकाळीच तिथं आणलं होतं आणि मी बँकेत रजा टाकून पोचले होते. बाकावर मुंगीला शिरायला जागा नव्हती. सुरतेत कुठंही नाव पुकारतात ते आडनावापासून. आधी आडनाव, मग स्वतःचं नाव, मग बापाचं. सिस्टर दारात आली आणि तिनं मोठ्यानं विचारलं, "उकर्डे वसंतभाई कोण छे?" शेजारची दोन-चार माणसं हसली. हसणारच, कारण गुजरातीतही उकरडो म्हणजे उकिरडाच. मामा भिंतीला हात टेकत उठला आणि सगळ्या व्हरांड्याला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "हुं छुं, बेन. उकर्डे." आत जाताना माझ्याकडे वळून त्यानं डोळा मिचकावला... त्याच आठवड्यात तो गेला. त्याला आता महिना उलटून गेला आहे.

माणसानं स्वतःच्या नावाला ओ दिली यात काय मोठंसं, असं कुणाला वाटेल. पण त्या एका हाकेला ओ द्यायला माझ्या मामाला जवळजवळ अख्खा जन्म लागला. मधली सगळी वर्षं तो दुसऱ्याच आडनावानं जगला, आणि तेही साधंसुधं नाही, पार आल्प्सच्या डोंगरातलं. अकोल्याकडच्या एका खेड्यातला माणूस, सुरतेत पर्वत पाटियाच्या मागच्या गल्लीत राहणारा, आणि आडनाव स्वित्झर्लंडचं. आमच्या घरात यावरून इतकी थट्टा झाली आहे की आता ते लिहितानाही मला हसू येतंय.

आमच्या आजोळच्या गावात निम्मं गाव उकर्डे. त्यामुळं तिथं कुणी कुणाला हसत नसे. हसू सुरू झालं ते सुरतेत. मामा गावच्या पोरांबरोबर इथं लूमवर कामाला आला, मग एम्ब्रॉयडरीच्या खात्यात लागला. सुरतेत कारखान्याला खातं म्हणतात. पगाराच्या दिवशी तिथला मुनीम सगळ्यांदेखत आडनावं पुकारायचा, आणि मामाचं आडनाव आलं की थांबून, चष्मा वर करून, पुन्हा पुकारायचा. नाकाला रुमाल लावायचा. सगळं खातं हसायचं. त्या मुनिमाच्या मनात फार दुष्टावा होता असं मामा कधी म्हणाला नाही, त्याला तेवढीच करमणूक. पण मामा विशीतला होता आणि विशीत माणसाला हसणं लागतं. हळूहळू तो फक्त 'वसंत' एवढंच सांगायला लागला. कुणी पुढं विचारलंच तर 'महाराष्ट्रवाला' म्हणायचा आणि विषय बदलायचा. मामीसुद्धा लाडात म्हणायची की यांचं आडनाव मला लग्नाच्या पत्रिकेत तेवढं दिसलं, त्यानंतर ते कुठं गेलं कुणास ठाऊक.

मग ते मशीन आलं. एका म्हाताऱ्या शेठनं खातं बंद केलं तेव्हा त्याच्याकडचं जुनं परदेशी मशीन भंगारात निघालं होतं, ते मामानं उचललं आणि स्वतःचं खातं काढलं. आता एम्ब्रॉयडरीची मशीनं कॉम्प्युटरवर चालतात, रवीकडे तशीच आहेत. हे जुनं धूड मात्र खोलीच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत पसरलेलं. पुढं कारागीर बसतो, त्याच्यासमोर फळीवर नक्षीचं मोठं केलेलं चित्र असतं. त्या चित्राच्या रेषेरेषेवरून तो एक दांडा फिरवतो, तसं मागं ताणलेलं सगळं कापड हलतं, आणि शेकडो सुया एका वेळी तीच नक्षी भरत जातात. मामा एक फूल गिरवायचा आणि पलीकडे फुलांची रांग उमलायची. लहानपणी सुट्टीत मी आले की ते बघत तासन्‌तास उभी राहायची. मशीनच्या एका टोकाला, बिडाच्या जाड पायावर, उंच उठलेल्या इंग्रजी अक्षरांत एक शब्द ओतलेला होता. हुंगरहाल्डर.

सुरतेची एक रीत आहे. इथं माणसाला त्याच्या धंद्यावरून ओळखतात आणि तेच मग त्याचं आडनाव होऊन बसतं. जरी विकणारा जरीवाला, दोरा विकणारा दोरावाला. मामाकडं ते अजस्र मशीन, त्याच्यावर तो शब्द, मग गल्लीनं त्याला 'हुंगरवाला' करून टाकलं. मामानं ते नाव दोन्ही हातांनी उचललं. खात्याच्या पाटीवर ते आलं, लग्नपत्रिकांवर 'श्री वसंतभाई हुंगरवाला सहकुटुंब' असं यायला लागलं, आणि मामाची मान ताठ झाली. कागदोपत्री तो उकर्डेच होता, पण कागद काय, कपाटात राहतात. रवीसुद्धा गल्लीत हुंगरवाला आणि शाळेत उकर्डे असा दोन नावांत वाढला. शाळेतल्या नावानं त्याला काय दिलं असेल ते वेगळं सांगायला नको.

माझी बदली सुरतेच्या शाखेत झाली त्या वर्षीची खंडेनवमी मला नीट आठवते. दसऱ्याच्या आदल्या दिवशी हत्यारांची, अवजारांची पूजा करायची ही आपली पद्धत मामानं सुरतेतही सोडली नव्हती. खातं धुतलेलं, सुयांना तेल दिलेलं, झेंडूची माळ. मामानं त्या बिडाच्या अक्षरांना एकेक करून हळद-कुंकू लावलं. इतक्या वर्षांचं कुंकू साचून अक्षरांच्या फटी बुजत आल्या होत्या. मग मामीनं पुरणपोळीचं ताट पायाशी ठेवलं, मामानं त्याभोवती पाणी फिरवलं, हात जोडले, आणि आम्ही सगळे डोळे मिटून उभे राहिलो. नैवेद्य दाखवल्याशिवाय या घरात त्या दिवशी कुणी घास घेत नसे. मी विचारलं, हे नाव कुणाचं आहे? मामा म्हणाला, कंपनीचं असेल, नाही तर त्यांच्या देवाचं असेल. दोन्हीपैकी काहीही असलं तरी त्याला चालणार होतं.

मला मात्र चैन पडेना. बँकेतली माणसं नाव-गाव पडताळल्याशिवाय गप्प बसत नाहीत. मी त्या अक्षरांचा फोटो काढला आणि घरी येऊन इंटरनेटवर शोधत बसले. निघालं ते असं की हुंगरहाल्डर हे ना कंपनीचं मूळ नाव, ना देवाचं. ते एका घराण्याचं आडनाव. स्वित्झर्लंडच्या पूर्व भागात, आल्प्सच्या पायथ्याशी एका दरीत ही माणसं मूळची राहणारी, आणि त्या घराण्याची माणसं वर्षातून एकदा जमतात. त्यांच्यातल्या व्हेरेना नावाच्या एका निवृत्त शिक्षिकेचा ईमेल पत्ता मिळाला. मी मामाला सांगितलं, की मामा, तू इतकी वर्षं कुणाच्या तरी आडनावाला नैवेद्य दाखवतोयस. मामा जरा विचारात पडला. मग म्हणाला, "मंग काय झालं? आता मधीच बंद केला त त्याले वाईट नाही वाटनार?"

व्हेरेनाबाईंना मी कुंकू लावलेल्या अक्षरांचा फोटो पाठवला आणि त्यांचं उत्तर दुसऱ्याच दिवशी आलं. तिथून पुढं आमच्या घरात त्या घराण्याची ये-जा सुरू झाली म्हणाना. बाईंचं इंग्रजी साधं, सुटसुटीत होतं. मी रविवारी पर्वत पाटियाला जायची, मामा खात्यात स्टुलावर बसायचा आणि मी मराठी करून सांगायची. त्यांच्यातली एक सुईण होती, गुडघाभर बर्फात वाटा तुडवत दरीभर बाळंतपणं करायची आणि कुणाकडं गेली तरी आधी चूल पेटवायची, मग बाळंतिणीकडं बघायची. एक डोंगरातला वाटाड्या होता. तो कुठल्या शिखरावर पहिला पोचला म्हणून प्रसिद्ध नव्हता, नेलेली सगळी माणसं परत आणायचा म्हणून होता. एक पाद्री, प्रवचन फारच लांबवायचा म्हणून गावानं हाकललेला. आणि एक शेतकऱ्याचा पोरगा, हातात कला असलेला. त्यानं भरतकामाचं मशीन बांधायचा छोटा कारखाना काढला. आमच्या मशीनवर नाव त्याचं.

मामानं या सगळ्यांना घरचं करून टाकलं. गल्लीत कुणाची सून अवघडलेली असली की तो सांगायचा, आमच्यातल्या एका सुईणीची पद्धत होती, आधी चूल पेटवायची. रवी एकदा मित्रांबरोबर गिरनार चढायला निघाला तर याचं सुरू, आपल्यात एक वाटाड्या होऊन गेला, वर जाण्याचं कौतुक नाही, परत येण्याचं आहे. मामी वैतागून म्हणायची, तुमच्या खऱ्या आज्याचं नाव तरी सांगा बघू. मामा तेव्हा मशीनला तेल घालायला उठायचा. नावाचा अर्थ काय, हे मी व्हेरेनाबाईंना एकदा विचारलं होतं. त्यांनी लिहिलं की अर्थ आहे, पण तो मी समोर बसून सांगेन. मी येणार आहे.

त्याच सुमारास घरात दुसरी एक गोष्ट चालली होती. रवीची बायको पूनम, जळगावकडची पण सुरतेतच वाढलेली, तिचे दोन गर्भ पडले होते. दुसऱ्या वेळी तर पाचवा महिना होता. त्यानंतर ती हसायची तेवढ्यापुरती हसायची. आता पुन्हा दिवस गेले होते, आणि घरात सगळे दबक्या पावलांनी वावरत होते. रवीनं ठरवलं होतं की मूल यायच्या आत आडनावाचा काय तो निकाल लावायचा. कायद्यानं सगळ्यांचं आडनाव हुंगरवाला करून घ्यायचं. वकिलाशी बोलणंही झालं होतं. माझ्या पोराला वर्गात उभं करून कुणी नाकाला रुमाल लावणार नाही, असं तो म्हणायचा, आणि त्यात चूक ती काय होती? मामालाही ते मनापासून हवं होतं. उलट इतकी वर्षं हे सुचलं कसं नाही याचंच त्याला नवल वाटत होतं.

व्हेरेनाबाई नेमक्या खंडेनवमीला आल्या. मामानंच तो दिवस सुचवला होता. सत्तरी ओलांडलेल्या, पाठीवर पिशवी, पांढरे आखूड केस, आणि रिक्षातून उतरताना कुणाचा हात न घेणाऱ्या. खात्यात आल्या त्या सरळ मशीनकडे गेल्या आणि अक्षरांवर बोट फिरवून लाल झालेलं बोट बघत राहिल्या. मामीचं पुरणपोळीचं ताट आलं. मामानं पाणी फिरवलं. काय चाललंय ते मी हळू आवाजात सांगत होते, की हा नैवेद्य आहे, आधी यांना वाढायचं आणि मग आपण जेवायचं, दर वर्षी असंच करतात. बाई खुर्चीवर बसल्या आणि हसायला लागल्या. हसता हसता त्यांचे डोळे वाहायला लागले, तेव्हा मामा घाबरून माझ्याकडं बघायला लागला.

मग त्यांनी अर्थ सांगितला. हुंगर म्हणजे भूक, आणि हाल्डर म्हणजे उतारावर राहणारा. दरीच्या एका बाजूला, उन्हाकडं पाठ केलेल्या उतारावर, माती पातळ होती, बर्फ उशिरापर्यंत वितळायचं नाही, पीक हाती लागलं तर लागलं. खालच्या चांगल्या जमिनीवाल्यांनी त्या उताराचं नाव भुकेचा उतार ठेवलं आणि तिथं राहणाऱ्यांना चिडवायला हे नाव लावलं. पुढं चर्चमध्ये नावं नोंदायला लागले तेव्हा पाद्र्यानं तेच लिहिलं. शेत पोसत नाही म्हणून ही माणसं हिवाळ्यात तळघरात बसून भरतकाम करायला लागली, आणि त्यातूनच पुढं कुणाला मशीन सुचलं. शहरात गेलेल्या बऱ्याच जणांनी नावातली भूक काढून टाकली, बाईंच्या सख्ख्या काकानंसुद्धा. त्यांच्या आजीनं मात्र काढू दिली नाही. ती म्हणायची, आम्ही तिथं जगून दाखवलं, ते का पुसायचं?

"आमच्या नावाला इतकी वर्षं कुणीतरी जेवायला घालतंय," बाई डोळे पुसत म्हणाल्या, "हे माझ्या आजीला कळायला हवं होतं."

मी ते मराठीत सांगितलं. मामीनं पदर डोळ्याला लावला. मामा तर नुसता ताटाकडं बघत होता. भुकेच्या नावापुढं आपण पुरणपोळी ठेवत आलो, हे त्याच्या आत कुठं तरी उतरत होतं... आणि तेवढ्यात बाईंनी, कुणाही पाहुण्यानं विचारावं तसं, सहज विचारलं. हुंगरवाला हे तर मशीनवरून पडलेलं नाव, हे मला माहीत आहे. पण तुमचं घराण्याचं नाव काय? त्याची काय गोष्ट?

मी ते मराठीत सांगितलं. मामाचा चेहरा पगाराच्या दिवशी रांगेत उभ्या असलेल्या पोरासारखा झाला. तो जमिनीकडे बघत म्हणाला, "सांग तिले, आमच्या नावाले काही गोष्ट नाही."

त्या दिवशी आमची सुभद्रामावशी खात्यातच होती, हे आमचं नशीब. मामाची ही सगळ्यांत मोठी बहीण गावाकडून मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी आली होती आणि काळा चष्मा लावून कोपऱ्यातल्या खुर्चीत देवीसारखी बसली होती. इतका वेळ ती झोपली आहे असंच आम्हांला वाटत होतं.

"काहून नाही गोष्ट?" ती म्हणाली. "आपल्या आज्याच्या आज्याची गोष्ट हाय. त्याच्या मायचे लेकरं जगत नोयते. एक गेलं, दुसरं गेलं, तिसरं गेलं... मंग हा झाला. त तिनं त्याले सुपात घातलं अन् उकिड्ड्यावर नेऊन ठेवलं. लोकाइले सांगतलं, हे माहं नाही बाप्पा, हे कचऱ्यात सापडलं. मरनाले वाटलं पाह्यजे का याच्यात घेन्यासारखं काही नाही. म्हून त्याचं नाव उकर्डा. अन् तो जगला. म्हून तू हायेस, मी हावो."

ही रीत आपल्याकडं घरोघरी होती. धोंडू, दगडू, केरबा ही नावं अशीच तर आली. मूल हातचं जाऊ नये म्हणून त्याला जगातलं सगळ्यांत टाकाऊ नाव द्यायचं, आणि मनात त्याला घट्ट धरून ठेवायचं. मला हे पुस्तकातून माहीत होतं. पण आपल्याच आजोळच्या आडनावात एक आई सूप घेऊन उभी आहे, हे मला त्या दिवसापर्यंत कधी सुचलं नव्हतं. मामाला ते कुणी सांगितलंच नव्हतं. गावात त्याची गरज पडली नाही, आणि सुरतेत त्यानं कुणाला विचारायची सोयच ठेवली नाही. व्हेरेनाबाईंना हे इंग्रजीत कसं सांगायचं याचे शब्द मी जुळवत राहिले. बाई थांबल्या. त्या शिक्षिका होत्या, त्यांना थांबता येत होतं.

बोलली ती पूनम. ती दाराशी उभी होती आणि मावशीचा शब्द न् शब्द तिनं ऐकला होता. ती पुढं येऊन मामाला म्हणाली, "पप्पा, मला हेच नाव पाहिजे. ते चेंज करायचं कॅन्सल करा."

रवी भडकला, हे सांगायलाच हवं. पाहुणीसमोर तो गप्प राहिला, पण संध्याकाळी घरी त्यानं बापाला सरळ विचारलं की तुम्ही जन्मभर जे लपवलं ते आता माझ्या लेकराच्या गळ्यात घालता? मला त्याचं मुळीच चुकीचं वाटलं नाही. ज्याला वर्गात हसतात त्यालाच ते माहीत असतं. मामानं ते सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "मले मालूम नोयतं रे. मले वाटे, कोनं चिडवासाठी ठेवलं. हे तं जगवासाठी ठेवलं होतं." आणि पुढं असंही म्हणाला की लेकरू तुमचं आहे, नाव तुम्ही ठरवा, मी माझ्यापुरतं ठरवलं आहे. दुसऱ्या आठवड्यात तो उधन्याला एका ओतकामवाल्याकडं गेला आणि बिडाची एक पाटी ओतून आणली. मराठी अक्षरं, उंच उठलेली. उकर्डे. ती त्यानं मशीनच्या पायावर, हुंगरहाल्डरच्या बरोबर खाली, स्वतःच्या हातानं बसवली. रवी ते बघून तसाच पलसाण्याला, कापड रंगवून घ्यायच्या कामाला निघून गेला.

पूनमची मुलगी वेळेच्या बरीच आधी जन्मली. एवढीशी, ओंजळीत मावेल अशी. तिला काचेच्या पेटीत ठेवलं होतं आणि आम्ही पाळीपाळीनं बाहेर बसायचो. त्या विभागात बाळांना नाव नसतं, कारण ठेवलेलंच नसतं. तिथं फक्त आडनाव पुकारतात. दूध आणा, औषध आणा, डॉक्टर बोलावतायत, सगळं आडनावावर. "उकर्डे बेबी" अशी हाक आली की मामा असा उठायचा की बाक हलायचा. पहिल्या दिवशी कुणी तरी हसलं. मामानं त्या माणसाला शेजारी बसवून घेतलं आणि सुपाची गोष्ट सांगितली. दोन-तीन दिवसांनी मी गेले तर ती गोष्ट त्या व्हरांड्यात सगळ्यांना पाठ झाली होती, आणि उकर्डे बेबीचं वजन किती वाढलं हे परकी माणसं आम्हांला विचारत होती. एकदा मामा चहाला खाली गेला होता. रवी आणि मी बाकावर होतो. आतून हाक आली. रवी उभा राहिला, एक क्षण थांबला, आणि म्हणाला, "उकर्डे. हुं छुं." त्यानंतर तो विषय आमच्या घरात पुन्हा निघाला नाही.

नावानं कुणी जगत नाही, हे मला कळतं. तिला डॉक्टरांनी आणि सिस्टरांनी जगवलं, आणि पूनमच्या जिद्दीनं. पण त्या काळात तिला स्वतःचं असं दुसरं काहीच नव्हतं, तेवढं एक आडनाव होतं, आणि ते तिच्या बाजूनं उभं होतं, असं मला वाटतं. घरी आणल्यावर बारशाला तिचं नाव ओवी ठेवलं. व्हेरेनाबाईंनी पांढऱ्या कापडावर भरतकाम केलेलं टोपडं पाठवलं, ते मामानं कुणाला हात लावू दिलं नाही, स्वतःच्या हातानं घातलं.

पुढची चार वर्षं मामाला मी कधी उदास पाहिलं नाही. खात्याची पाटी बदलली, 'उकर्डे एम्ब्रॉयडरी' झाली. गल्ली अजूनही त्याला हुंगरवालाच म्हणायची आणि तो दोन्ही नावांना ओ द्यायचा. कुणी नवं माणूस नावाला हसलं की याला आनंदच व्हायचा, कारण गोष्ट सांगायला गिऱ्हाईक मिळायचं. रवीनं कामरेजच्या बाजूला फ्लॅट घेतला तेव्हा दारावरच्या पाटीवर आडनाव कसं हवं हे विचारायलासुद्धा कुणी थांबलं नाही. मामा गेल्याचं व्हेरेनाबाईंना कळवलं तेव्हा त्यांनी लिहिलं की यंदा आम्ही जमू तेव्हा सुईण आणि वाटाड्याच्या बरोबरीनं त्याचीही गोष्ट मी सांगणार आहे. आमच्या आडनावाची जी काही नावाजलेली माणसं झाली, त्यांत तो धरला जाईल. मामाला हे ऐकवायला हवं होतं. त्यानं सगळ्या गल्लीला सांगितलं असतं आणि मामीनं कपाळाला हात लावला असता.

गेल्या रविवारी मी खात्यात गेले होते. मामाचे दिवस झाल्यावर रवीनं ते पहिल्यांदाच उघडलं होतं. तेलाचा आणि सुताचा तोच वास, मामाचं स्टूल तिथंच, नक्षीच्या फळीवर अर्धवट गिरवलेलं एक फूल. दांडा त्यानं सोडला तिथंच थांबलेला होता. मी स्टुलावर बसले आणि पहिल्यांदा पोटभर रडून घेतलं. ओवी माझ्याबरोबर होती. तिला बालवाडीत घातलं आहे आणि कुणीही नाव विचारलं की ती छाती काढून 'उकर्डे ओवी रविभाई' असं सुरतेच्या पद्धतीनं आडनावापासून सांगते. मी रडत होते तेवढ्यात तिनं आपल्या हातातली नानखटाई मोडली. एक तुकडा मशीनच्या पायाशी, वरच्या अक्षरांखाली नेऊन ठेवला, आणि कपातल्या पाण्यात बोटं बुडवून त्याभोवती फिरवली, अगदी मामासारखी. हे काय करतेस म्हणून विचारलं, तर ती म्हणाली, आबा म्हणायचे की आधी पाहुण्यांना द्यायचं, त्यांना खूप दिवसांची भूक आहे.

मग ती खालच्या पाटीकडे वळली. दुसरा तुकडा तिनं तिथं ठेवला, पुन्हा पाणी फिरवलं, आणि माझ्याकडं बघून म्हणाली, "आता आपल्याला."

खाली सांडलेला चुरा तिनं बोटानं टिपून तोंडात टाकला, आणि आम्ही दोघी खातं बंद करून बाहेर पडलो.